उलट्या पावलांची पारख

हडळ कशी ओळखायची, हे आमच्या आजीला पक्कं ठाऊक होतं. चेहऱ्याकडे बघून उपयोग नाही, चेहऱ्यात ती चुकत नाही. साडी, कुंकू, आवाज, केस, सगळं शेजारच्या वहिनीसारखं. बघायची ती पावलं. ती उलटी असतात, टाच पुढे आणि बोटं मागे. ही गोष्ट ऐकल्यावर आम्हा मुलांना हडळीची भीती वाटायची नाही, शेजारच्या वहिनीची वाटायची. तिन्हीसांजेला ती दारात उभी राहिली की आमच्या नजरा आधी तिच्या पायांकडे जायच्या.

व्हिडिओ गेममधल्या माणसांविषयी लिहायला बसलो आणि सुरुवात भुतापासून झाली, ती उगीच नाही. गेली कित्येक वर्षं चित्रकार, गणिती, प्रोग्रॅमर आणि नट एकत्र येऊन पडद्यावर खरा वाटेल असा माणूस घडवू पाहताहेत. कातडी जमते, केस जमतात, कॉलरची शिवणसुद्धा जमते. मग खेळणारा पोरगा दोन सेकंद त्या चेहऱ्याकडे बघतो आणि म्हणतो, "याचं काहीतरी गंडलंय." काय गंडलंय ते त्याला विचारा, सांगता येणार नाही. कुठेतरी पावलं उलटी राहिलेली असतात, एवढं मात्र त्याला कळलेलं असतं.

या कळण्याला एका जपानी प्राध्यापकाने नाव दिलं. टोकियो इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजीमध्ये यंत्रमानवांवर काम करणाऱ्या मासाहिरो मोरी यांनी १९७० साली ‘एनर्जी’ नावाच्या नियतकालिकात एक छोटासा लेख लिहिला. ‘बुकिमी नो तानी’ हे त्याचं नाव. बुकिमी म्हणजे अंगावर शहारा आणणारं, तानी म्हणजे दरी. मोरींचं म्हणणं असं, की यंत्र जसजसं माणसासारखं दिसू लागतं तसतशी आपली त्याच्याविषयीची आपुलकी वाढते. कारखान्यातल्या यांत्रिक हातापेक्षा खेळण्यातला रोबो आपल्याला जवळचा वाटतो. पण शिखर जवळ आलं असं वाटत असतानाच आलेख एकदम कोसळतो. त्यांनी उदाहरण दिलं ते नकली हाताचं. दिसायला हुबेहूब, अगदी शिरा आणि नखांसकट, म्हणून आपण बेसावधपणे तो हातात घेतो. स्पर्श थंड निघतो, आत हाडं लागत नाहीत, आणि आपण हात झटकून मागे घेतो. वस्तू हलणारी असेल तर दरी आणखी खोल होते. न हलणाऱ्यांमध्ये तळाशी प्रेत असतं, हलणाऱ्यांमध्ये झॉम्बी.

मोरींनी हा आलेख हाताने काढला होता, त्यामागे मोजमापं नव्हती. पुढे मानसशास्त्रज्ञांनी प्रयोग केले तेव्हा काहींना दरी सापडली, काहींना सापडली नाही. तरीही गेमच्या धंद्यात हा शब्द रोजच्या वापरातला झाला, कारण दरीत पडल्याचा अनुभव प्रत्येकाने घेतलेला होता. लेखातला सल्ला मात्र फारसा कुणी ऐकला नाही. मोरी म्हणाले होते, दुसऱ्या शिखराचा हट्ट धरू नका, अलीकडच्या पहिल्या शिखरावरच थांबा. हात बनवायचाच तर बुद्धमूर्ती घडवणारा कारागीर बनवेल तसा लाकडाचा, सुंदर हात बनवा. आपल्याकडे हे समजावून सांगायला अर्धवटराव पुरे. पाध्ये मंडळींच्या या बाहुल्याचा जबडा खटक्यासारखा उघडतो आणि डोळे बटबटीत आहेत. तरी पिढ्यान्‌पिढ्या मुलं त्याला घाबरली नाहीत, उलट त्याच्याशी वाद घालत बसली. कारण उघड आहे. आपण माणूस आहोत असा दावा त्याने कधी केलाच नव्हता.

दावा केला की तपासणी आलीच.

गेममधल्या खऱ्या माणसाची गोष्ट मला एका धाकट्या भावापासून सुरू करावीशी वाटते. १९८५ साली अमेरिकेत जॉर्डन मेक्नर नावाच्या तरुणाने आपल्या भावाला, डेव्हिडला, पांढरे कपडे घालून पळायला, उड्या मारायला, कठड्याला लोंबकळायला लावलं आणि त्याचं व्हिडिओ चित्रण केलं. मग ते चित्रण एकेक फ्रेम थांबवत, त्यातली आकृती गिरवत त्याने ॲपल टू या कॉम्प्युटरवर उतरवली. तलवारबाजी घेतली ती १९३८ सालच्या रॉबिन हूडच्या चित्रपटातल्या अखेरच्या द्वंद्वावरून. युक्ती जुनीच होती. व्यंगपटवाल्या मॅक्स फ्लायशर यांना अशाच गिरवण्याच्या यंत्राचं पेटंट १९१७ मध्ये मिळालं होतं. मेक्नरचा गेम १९८९ मध्ये बाजारात आला, ‘प्रिन्स ऑफ पर्शिया’. आपल्याकडेही कॉम्प्युटर क्लासच्या काळ्या पडद्यांवर कित्येकांनी तो सरांची नजर चुकवून खेळलेला आहे. त्यातल्या राजपुत्राला चेहरा जवळपास नव्हताच, बोटाच्या पेराएवढी आकृती होती. पण तो थांबताना दोन पावलं घसरायचा, कड्यावरून स्वतःला वर खेचताना त्याचं वजन जाणवायचं, आणि खाली सुळ्यांवर पडला की आपल्या पोटात गोळा यायचा. तो माणूसच होता. पुढच्या तीस वर्षांत गेमवाल्यांनी चेहऱ्यावर अफाट पैसा ओतला, आणि त्या चेहऱ्याविना राजपुत्रात जे होतं तेच नेमकं कितीतरी वेळा हातातून निसटलं.

सगळ्यात महागात पडलेली निसट २००१ सालची. ती गेममध्ये झाली नाही, गेम बनवणाऱ्यांच्या चित्रपटात झाली. ‘फायनल फँटसी’ या गाजलेल्या गेममालिकेचे जनक हिरोनोबु साकागुची यांनी होनोलुलूमध्ये स्टुडिओ उभारून ‘द स्पिरिट्स विदिन’ हा संपूर्ण कॉम्प्युटरवर घडवलेला चित्रपट काढला. त्यातली नायिका अकी रॉस पुढेही वेगवेगळ्या चित्रपटांत भूमिका करेल, अशी स्वप्नं रंगवली जात होती. तिच्या डोक्यावर साठ हजार केस होते आणि प्रत्येक केस स्वतंत्रपणे हलत होता. चित्रपटाची एकेक फ्रेम तयार व्हायला सरासरी दीड तास लागे आणि अशा १,४१,९६४ फ्रेम होत्या. खर्च झाला १३.७ कोटी डॉलर, गल्ला जमला साडेआठ कोटींच्या आसपास, आणि स्टुडिओला टाळं लागलं. तो चित्रपट मी अलीकडे पुन्हा पाहिला. केस अजूनही बघण्यासारखे आहेत. त्यांच्याखालचा चेहरा मात्र दंतवैद्याने भूल दिल्यासारखा आहे, बोलतो पण गाल त्या बोलण्यात भाग घेत नाहीत.

चित्रपटाला एका फ्रेमसाठी निदान दीड तास मिळतो. गेममध्ये चित्र आधी काढून ठेवता येत नाही, कारण खेळणारा पुढच्या क्षणी डावीकडे वळेल की उजवीकडे, हे कुणालाच माहीत नसतं. सेकंदाला साठ फ्रेम दाखवायच्या तर एका फ्रेमसाठी जेमतेम साडेसोळा मिलिसेकंद हातात उरतात. अकी रॉसला मिळालेल्या वेळाचा हा सुमारे सव्वातीन लाखावा भाग. त्यातही नायकाचा चेहरा एकटा नसतो. पाऊस, गवत, शत्रू, आवाज, सगळे त्याच वेळात वाटा मागत असतात. म्हणून गेममधला माणूस कायम हातचलाखीवर उभा असतो. केसांचंच बघा. खऱ्या डोक्यावर लाखभर केस असतात, पण बरीच वर्षं गेममध्ये केस नसायचेच. केसांची चित्रं छापलेल्या पारदर्शक पट्ट्या एकावर एक चिकटवलेल्या असायच्या. स्टुडिओत त्यांना हेअर कार्ड म्हणतात. मला त्या पाहिल्या की गंगावन आठवतं.

कातडीची हातचलाखी जास्त मजेची आहे. पूर्वी लोडशेडिंगच्या रात्री आम्ही टॉर्च तळहाताखाली धरायचो आणि बोटं आतून लालभडक पेटायची. कॉम्प्युटरच्या माणसांना नेमकं तेच कित्येक वर्षं जमत नव्हतं. प्रकाश त्यांच्या कातडीवर आदळून तिथूनच परतायचा, जसा रंगवलेल्या प्लास्टिकवरून परततो. खऱ्या कातडीत तो आत शिरतो, थरांमध्ये भटकतो आणि थोड्या अंतरावरून बाहेर येतो. लाल प्रकाश सगळ्यात दूरवर भटकतो, म्हणून उन्हात उभ्या माणसाच्या कानाच्या पाळ्या लाल दिसतात, आणि नाकाच्या सावलीची कडा करवतीने कापल्यासारखी नसते, तिला लालसर ऊब असते. २००१ मध्ये हेन्रिक वान येन्सन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी हा भटकणारा प्रकाश झटपट मोजायची रीत मांडली. त्यांच्या शोधनिबंधात संगमरवराचा पुतळा होता, आणि दुधाचे पेलेही होते, एकात साय काढलेलं आणि एकात सकस दूध, आणि चित्रावरून फरक ओळखू येत होता. ही रीत चित्रपटांसाठी होती. तिला साडेसोळा मिलिसेकंदांत बसवायची खटपट ज्यांनी केली त्यांत स्पॅनिश संशोधक खोर्खे हिमेनेझ यांचं नाव मोठं. त्यांनी भटकणारा प्रकाश मोजायचा नाद सोडला. आधी चेहऱ्याचं कोरडं चित्र काढायचं आणि मग त्या तयार चित्रावरच रंग हलके पुसायचे, लाल सर्वांत जास्त पसरवायचा, निळा सर्वांत कमी. शाळेत ओल्या बोटाने रंगपेटीचा रंग पसरवतात, थेट तसंच. डोळ्याला फसवायला तेवढं पुरलं.

कातडी मिळाली तरी ती कुणाची, हा प्रश्न उरतोच. कल्पनेने चेहरा घडवण्यापेक्षा खऱ्या माणसाचा जसाच्या तसा उचलावा, हा मार्ग पॉल डेबेवेक यांनी दक्षिण कॅलिफोर्निया विद्यापीठात रुळवला. त्यांचं यंत्र म्हणजे लाइट स्टेज, आत खुर्ची आणि भोवती शेकड्याच्या हिशेबात दिवे लावलेला गोल पिंजरा. दिवे ठरावीक क्रमाने पेटतात, कॅमेऱ्यांपुढचे ध्रुवणकाच प्रकाशाचे दोन वाटे करतात, एक कातडीच्या तेलकट पृष्ठावरून चमकून आलेला आणि दुसरा आतून फिरून आलेला. त्यातून रंध्रारंध्राचा नकाशा मिळतो. २००८ मध्ये एमिली ओब्रायन या अभिनेत्रीचा चेहरा असा उचलला गेला. तिने एकामागून एक चित्रविचित्र तोंडं केली, दातांचा तर दंतवैद्यासारखा साचाच घेतला. तयार झालेल्या चित्रफितीत एमिली सहज गप्पा मारताना दिसते. तिचं अंग, केस आणि खोली खरी आहेत, फक्त चेहरा कॉम्प्युटरचा आहे. शोधून पाहा आणि कुठे जोड दिसतो का ते बघा.

ती तोंडं मात्र चित्रविचित्र वाटली तरी मनाला येतील तशी केलेली नव्हती, त्यांची बाराखडी आधीच ठरलेली होती. चेहऱ्याचे स्नायू वेगवेगळे हलवून बघण्याचा नाद जुना आहे. फ्रेंच डॉक्टर दुशेन यांनी एकोणिसाव्या शतकात लोकांच्या चेहऱ्यांना विजेचे झटके देऊन नकली हसू आणलं आणि १८६२ मध्ये त्यावर पुस्तक काढलं. त्यांच्या ध्यानात आलं, की ओठांची टोकं विजेने वर नेता येतात, पण मनापासूनच्या हसण्यात डोळ्यांभोवतीचा जो स्नायू आकसतो, तो हुकमाने आकसत नाही. १९७८ मध्ये पॉल एकमन आणि वॉलेस फ्रिझन या मानसशास्त्रज्ञांनी चेहऱ्याच्या एकेका हालचालीला क्रमांक देऊन टाकला. १२ म्हणजे ओठांचे कोपरे वर, ६ म्हणजे गाल उचलून डोळे बारीक. नुसता १२ म्हणजे हवाईसुंदरीचं हसू, १२ सोबत ६ म्हणजे आईचं. हे कोष्टक मानसशास्त्रासाठी होतं, पण गेमवाल्यांना आयता पंचपक्वान्नांचा डबा सापडला. व्हॉल्व कंपनीने २००४ च्या ‘हाफ-लाइफ २’ मध्ये पात्रांचे चेहरे याच कोष्टकावर चालवले, आणि लोक गोळ्या झाडायचं सोडून पात्रांचं बोलणं ऐकत उभे राहू लागले.

आज कुठल्याही मोठ्या स्टुडिओत चेहऱ्याचं रिग असतं, म्हणजे कळसूत्री बाहुलीच्या दोऱ्या. पिंगुळीच्या ठाकर कलावंताच्या बोटांना पाच-सहा दोऱ्या असतील, तर इथे शेकड्यांनी. प्रत्येक दोरी चेहऱ्याचा एकेक ठरलेला आकार ओढते. खरी डोकेदुखी दोन दोऱ्या एकदम ओढल्यावर सुरू होते. १२ आणि ६ यांची नुसती बेरीज केली तर हसू येत नाही, गालाचं मांस दोनदा वर चढतं आणि चेहरा सुजल्यासारखा दिसतो. म्हणून प्रत्येक जोडीसाठी दुरुस्तीचा आकार वेगळा घडवावा लागतो, मग तिकडींसाठी, मग त्यापुढे. ओठ घट्ट मिटले की रक्त हटून ते पांढुरके होतात, त्याचेही नकाशे लागतात. रिग करणाऱ्यांची नावं कुठल्या जाहिरातीत येत नाहीत, हे मला नेहमी खटकतं. गेमच्या कमानीतले वासे तेच असतात.

आणि मग डोळे. पेणच्या गणपतीच्या कारखान्यात गेलात तर दिसेल, मातीकाम, घासकाम, रंग हे सगळं अनेक हातांनी चाललेलं असतं, पण डोळ्यांची आखणी मुरलेल्या हाताकडे असते. आखणी होईपर्यंत मूर्ती कितीही रेखीव असली तरी ती माती. गेममध्येही आखणीच सगळ्यात अवघड, फक्त इथले डोळे हलतात आणि तिथेच घोटाळा होतो. खरा डोळा एका वस्तूवरून दुसरीवर सरकत नाही, झटक्याने उडी मारतो. बाजूला बघायचं तर डोळे आधी जातात, मान मागून येते, आणि मान येत असताना डोळे तितकेच उलट फिरतात म्हणून नजर ढळत नाही. मोठी नजर बदलताना बहुतेक वेळा पापण्या एकदा मिटतात. खालच्या पापणीच्या कडेला पाण्याची बारीक रेघ असते, तिच्यावर खिडकीचा प्रकाश लकाकतो. ती रेघ काढून टाका, उरलेला चेहरा तसाच ठेवा, समोर प्रेत उभं राहील.

या सगळ्याला वळसा घालण्याचा एक धाडसी प्रयत्न ऑस्ट्रेलियात झाला. सिडनीच्या टीम बाँडी या स्टुडिओने २०११ मध्ये ‘एल. ए. न्वार’ हा १९४७ च्या लॉस एंजलिसमधला पोलिसी गेम आणला. त्यात संशयिताच्या चेहऱ्याकडे बघून तो खरं बोलतोय की खोटं, हे खेळणाऱ्याने ठरवायचं. म्हणजे सगळा खेळच चेहऱ्यावर. त्यांनी दोऱ्या बाजूला ठेवल्या आणि नटाला खुर्चीत बसवून भोवतीच्या ३२ कॅमेऱ्यांनी त्याचं डोकं प्रत्येक फ्रेमला नव्याने त्रिमित टिपलं. सुरकुत्या, आवंढा, चोरटी नजर, सगळं आयतं आलं. पहिल्यांदा बघणारे थक्क व्हायचे. थोड्या वेळाने मात्र काहीतरी टोचू लागायचं. डोकं आणि धड वेगवेगळ्या दिवशी टिपलेले होते. खुर्चीत बसलेल्या डोक्याला धडाचा तोल ठाऊक नव्हता, धडाला डोक्याचा राग ठाऊक नव्हता. वर अस्सल माणूस, खाली शिंप्याचा पुतळा. हडळीच्या गोष्टीची इतकी तंतोतंत आवृत्ती मी दुसरी पाहिलेली नाही.

जोडायचं होतं ते डोकं आणि धड, चेहरा आणि श्वास. हे जिथे जुळलं ती जागा मोठी नव्हती. इंग्लंडमधल्या केंब्रिजच्या निंजा थिअरी या स्टुडिओत वीसेक जण ‘हेलब्लेड’ नावाचा गेम करत होते. नायिका सेनुआ ही प्राचीन काळची योद्धी, तिला मनोविकाराने ग्रासलेलं, कानात सतत आवाज. त्यासाठी त्यांनी केंब्रिजचे मनोविकारतज्ज्ञ पॉल फ्लेचर यांना सोबत घेतलं. नटी नेमायची होती, पण दरम्यान कॅमेरे तपासायला कुणीतरी समोर उभं हवं. स्टुडिओत व्हिडिओ संकलन करणारी मेलिना युर्गन्स हाताशी होती, तिला उभं केलं. तिने कधी अभिनय केलेला नव्हता. तपासणीची दृश्यं पाहिल्यावर दुसरी नटी शोधायचं कुणाच्या मनात राहिलं नाही. सर्बियातल्या थ्रीलॅटरल या कंपनीने तिचा चेहरा उचलून रिग बांधलं. डोक्यावरच्या शिरस्त्राणाला लावलेला कॅमेरा चेहरा टिपत होता, अंगावरचा मोकॅप सूट हालचाल टिपत होता, आणि आवाजही त्याच क्षणी. तिन्ही एकाच अंगातून, एकाच श्वासात. २०१६ मध्ये अमेरिकेतल्या परिषदांमध्ये त्यांनी हे जाहीरपणे करून दाखवलं. ती तिथे अभिनय करत होती आणि मोठ्या पडद्यावर सेनुआ त्याच क्षणी रडत होती, किंचाळत होती.

गेम २०१७ मध्ये आला. खेळताना माझ्या लक्षात आलं, की सेनुआ निर्दोष नाही. तिच्या चेहऱ्यात किंचित परकेपणा शिल्लक आहे, पण इथे तो पथ्यावर पडतो. जी बाई नसलेल्या गोष्टी बघते, मध्येच थेट खेळणाऱ्याच्या डोळ्यांत रोखून पाहते, तिच्याकडे बघताना अस्वस्थ व्हायचंच असतं. दरी टाळण्याऐवजी त्यांनी कथाच दरीत नेऊन बसवली. २०१८ मध्ये उत्कृष्ट अभिनयाचं बाफ्टा पारितोषिक युर्गन्सला मिळालं, संकलन करता करता कॅमेऱ्यापुढे आलेल्या मुलीला.

आतापर्यंत एक गोष्ट मी मुद्दाम बाजूला ठेवली होती. अकी, एमिली, सेनुआ, तिघी गोऱ्या. येल विद्यापीठातले संगणकशास्त्रज्ञ थिओडोर किम यांनी २०२० मध्ये एका लेखातून यावरच बोट ठेवलं. मानवी कातडी म्हणून ज्या कातडीचा अभ्यास झाला ती मुख्यतः गोऱ्यांची होती, आणि मानवी केस म्हणून सरळ केसांचा. आत शिरून भटकणारा प्रकाश हे फिक्या कातडीचं ठळक लक्षण. गडद कातडीत तो लवकर शोषला जातो आणि तिचं सौंदर्य जास्त करून वरच्या चकाकीत असतं, गालाच्या हाडावर, कपाळावर. त्या चकाकीवर तितका जीव कुणी टाकला नाही. येन्सन यांच्या निबंधातले नमुने पुन्हा आठवा, दूध आणि संगमरवर. सावळ्या विठ्ठलाच्या काळ्या पाषाणावर समईचा उजेड कसा सरकतो, हे ज्याने पाहिलं आहे त्याने हा प्रश्न हाती घेतला असता तर सुरुवात कदाचित दुसऱ्या टोकाने झाली असती.

पुण्याचा या कथेशी संबंध आहे आणि तो पुन्हा त्या राजपुत्रातूनच येतो. सप्टेंबर २०२० मध्ये युबिसॉफ्टने ‘प्रिन्स ऑफ पर्शिया : द सँड्स ऑफ टाइम’ या २००३ च्या गेमची नवी आवृत्ती जाहीर केली. ती घडत होती कंपनीच्या पुणे आणि मुंबई स्टुडिओत. इतक्या मोठ्या नावाचं काम इथे होतंय म्हणून इथल्या गेमवाल्या पोरांची कॉलर ताठ झाली होती. झलक आली आणि जगभरातून ओरड सुरू झाली, चेहरे जुनाट आहेत, मेणाचे आहेत. प्रकाशनाची तारीख पुढे गेली, पुन्हा गेली, आणि मे २०२२ मध्ये काम माँट्रियलच्या स्टुडिओकडे सोपवण्यात आलं. मी ती झलक बऱ्याचदा पाहिली आहे. दहा वर्षं आधी आली असती तर लोकांनी डोक्यावर घेतली असती. पण तोवर बघणाऱ्यांच्या डोळ्यांनी सेनुआ पाहिली होती. पावलं बघायला सगळेच शिकले होते.

ती झलक आली त्याच वर्षी, २०२० मध्ये, पुण्यातच नॉडिंग हेड्स या छोट्या स्टुडिओचा ‘राजी’ हा गेम प्रसिद्ध झाला. भावाच्या शोधात निघालेल्या मुलीची गोष्ट. कॅमेरा उंचावर, राजी पडद्यावर इवलीशी, चेहरा जवळून दिसतच नाही. कथेचे दुवे उलगडतात ते छायाबाहुल्यांच्या खेळासारख्या दृश्यांतून. पैसा कमी म्हणून असेल किंवा आवड म्हणून, पण मोरी यांचा पन्नास वर्षं दुर्लक्षित राहिलेला सल्ला कुणीतरी मानला होता. राजीच्या पायांकडे कुणाचीही नजर गेली नाही.

हुबेहूब चेहऱ्यांची किंमत मात्र भराभर उतरते आहे. एपिक गेम्सने थ्रीलॅटरल विकत घेतली आणि २०२१ मध्ये मेटाह्यूमन हे साधन पुढे आणलं. गालाची हाडं, नाक, वय अशा पट्ट्या सरकवत बसलं की तासाभरात रिगसकट माणूस तयार. २०२३ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोच्या परिषदेत मेलिना युर्गन्स पुन्हा मंचावर आली. या वेळी शिरस्त्राण नव्हतं. तिवईवर एक आयफोन होता. तिने त्याच्यापुढे थोडा अभिनय केला आणि काही मिनिटांत तो सगळा, भुवईच्या थरथरीसकट, कॉम्प्युटरच्या माणसावर उतरला. एकाच चेहऱ्यावर नाही, वेगवेगळ्या चेहऱ्यांवर. टाळ्या खूप झाल्या. पुढच्या वर्षी जुलैमध्ये अमेरिकेतल्या गेम-अभिनेत्यांची संघटना संपावर गेली, तो संप २०२५ पर्यंत चालला. भांडण मुख्यतः एकाच गोष्टीचं होतं. माझा चेहरा, आवाज, हालचाल एकदा टिपून घेतल्यावर यंत्र त्यातून नवा अभिनय काढणार असेल, तर आधी मला विचारा आणि पैसे द्या. शेवटी परवानगीचं आणि मोबदल्याचं कलम करारात आलं.

डेव्हिड मेक्नर १९८५ मध्ये पळाला तो भावासाठी, आणि भावासाठी पळताना कलमं कोण वाचतं? जॉर्डनने त्या टेपा सांभाळून ठेवल्या होत्या, आज त्या इंटरनेटवर सहज बघायला मिळतात. चित्र धूसर आहे, मधूनच थरथरतं. पांढऱ्या कपड्यातला एक मुलगा डावीकडून पळत येतो, उडी मारतो, जमिनीवर टेकतो आणि पुढे झुकलेलं अंग सावरतो. चेहरा नीट दिसत नाही. पावलं दिसतात.